कोनखारचा आठवा वाटा

"वाटा कुणाचा-आ-आ?"

पौर्णिमा-अमावास्येच्या भर दुपारी खाडीला उधाण आलं की सहदेवतात्या उघाडीवर उभे राहून असा पुकारा करायचे. उघाडी म्हणजे बांधातलं फळ्यांचं दार. ओहोटीला शेतातलं पाणी त्यातून बाहेर सोडायचं, भरतीला खाडीचं पाणी आत शिरू द्यायचं नाही. तात्यांचा आवाज वाऱ्यावर बसून बांधाबांधानं निघायचा आणि एकेका वाट्यावर उभा असलेला माणूस त्याला पुढं ढकलायचा. "वाटा माझा, बांध जागा!" पहिला झाला की दुसरा, दुसरा झाला की तिसरा. आठव्या माणसाचं उत्तर येईपर्यंत पहिल्याचा आवाज तिवरांच्या झाडीत विरून गेलेला असायचा. आठवा माणूस सगळ्यांत लांब, बांध जिथं कोन करून वळतो तिथं. तो ओरडत नसे. साध्या बोलण्याच्या आवाजात म्हणायचा, "वाटा माझा, बांध जागा." आणि तरी ते उघाडीवर ऐकू यायचं.

तो पुकारा बंद होऊन चार दशकं उलटली. पण अजूनही पौर्णिमेच्या दुपारी भांडी घासता घासता वनमालाचा हात थांबायचा. कान आठव्या उत्तराची वाट बघायचे.

"आजी, कुठे हरवलीस? सहावा वाटा कुणाचा होता?"

निधी घरभर पत्रा पसरून बसली होती. आठ फूट लांब, चार फूट रुंद, पांढऱ्या रंगाचा हात दिलेला. वनमालाची ही नात चित्रकलेच्या कॉलेजात दुसऱ्या वर्षाला. गल्लीच्या टोकाला महापालिकेनं छोटी बाग केली होती, तिथं गावाचा नकाशा आणि माहिती लावायचं ग्रामस्थ मंडळानं ठरवलं आणि काम निधीच्या गळ्यात पडलं. वर मोठ्या अक्षरांत लिहून झालं होतं: 'कोनखार : भूगोल आणि इतिहास'.

"सहावा चिंतामणचा," वनमाला म्हणाली. तिच्या पुढ्यात सुपात जवळा होता, त्यातला कचरा ती बोटांनी बाजूला करत होती. "त्येंची आता तीन टॉवरच्या पलीकडे खोली आसा. मुलगी येता मधूनमधून."

निधीनं पेन्सिलीनं नाव टिपलं. नकाशा झकास जमला होता. पश्चिमेला कांजूरमार्गचं स्टेशन आणि रूळ, मधे हमरस्ता, पूर्वेला ठाण्याची खाडी. रस्ता आणि खाडीच्या मधल्या अंगठ्याएवढ्या जागेत कोनखार. उत्तरेला मिठागरं, दक्षिणेला शहराचा कचरा पडतो ते मैदान. त्याचा डोंगर निधीनं करड्या रंगात नीट काढला होता, वर चार घारीसुद्धा. संध्याकाळी वारा फिरला की त्या डोंगराचा वास कोनखारच्या ओट्यांवर येऊन बसतो, हे मात्र नकाशात दाखवता येत नव्हतं.

एकेकाळी इथं दीडशे एकर भात पिकायचं. खाडीच्या पोटातून ही जमीन लोकांनी हातांनी ओढून काढली होती. भोवती मातीचा बांध घातला आणि त्याचे सात वाटे पाडले. जे घर त्या शेताचा तांदूळ खाईल, त्यानं आपला वाटा राखायचा. चैत्रात खाडीतला चिखल काढून बांधावर चढवायचा, पावसात त्याच्यावर डोळा ठेवायचा, उधाणाला पुकाऱ्याला उत्तर द्यायचं. वनमालाचे सासरे मालवणाकडून गिरणीत आले, खोली कोनखारात घेतली, चार खाचरं अर्धेलीनं करू लागले. त्यांना सातवा वाटा मिळाला. मग बहात्तरच्या दुष्काळात साताऱ्याकडून सीताराम आला. बायको नंदा बरोबर, किरण तिच्या पोटात. तो मिठागरावर कामाला लागला. दोन वर्षांनी त्यानंही एक खाचर मागितलं. सहदेवतात्यांनी खाचर दिलं आणि बांधाच्या कोनाचा तुकडा, जिथं खाडीचं पाणी सरळ येऊन आदळतं आणि जो कुणालाच नको होता, तो सातव्यातून तोडून त्याला आठवा म्हणून दिला.

"आणि आता ओव्या," निधी म्हणाली. तिनं मोबाईल सुपाशेजारी ठेवला. "बायका माती टाकताना म्हणायच्या त्या. कुंडलिक आजोबा म्हणाले, तुझ्या आजीशिवाय कुणाला येत नाहीत."

वनमालानं जवळ्याचे हात पदराला पुसले. घसा साफ केला. मग ज्या चालीवर घमेली हातोहात पुढं जायची त्याच चालीवर, हळू, म्हणू लागली:

"पहिला गं वाटा, उघाडीच्या पाशी,
सहदेवा उशाशी, खाडी निजे."

दुसरी झाली, तिसरी झाली. निधी मान डोलवत होती. सातव्या ओवीला वनमाला किंचित हसली. नवऱ्याचं नाव एरवी तिच्या ओठांवर कधी आलं नाही, पण ओवीत यायचं.

"सातवा गं वाटा, तिवरांच्या दाटी,
दशरथासाठी, ओटी माती."

ती थांबली. सूप पुन्हा मांडीवर ओढलं.

"आठवी?" निधीनं विचारलं.

"सातच."

"असं कसं? वाटे आठ ना?"

"नाय आठवत गो."

निधीनं मोबाईल बंद केला. मग नकाशावर ओणवी होऊन, बांध जिथं वळतो तिथं, एक छोटी फट काढली आणि तिच्याखाली सुंदर अक्षरांत लिहिलं: 'सीतारामाची खांड'.

खांड म्हणजे बांध फुटून पडलेलं भगदाड. ब्याऐंशी साली ते पडलं आणि कोनखारचं भात संपलं. तेव्हापासून त्या जागेचं नाव हेच. रिक्षावालेसुद्धा म्हणायचे, "खांडीपर्यंत सोडतो, पुढे गाडी जात नाही." सीताराम कोण, हे त्यांना ठाऊक नव्हतं.

वनमाला त्या अक्षरांकडं बघत राहिली. पेन्सिलीचीच होती अजून. रविवारी सकाळी ती काळ्या ऑइलपेंटनं पक्की व्हायची होती.

*

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी कुंडलिक नकाशा बघायला आला. सहदेवतात्यांचा हा मुलगा, आता अठ्ठ्याहत्तर वर्षांचा, ग्रामस्थ मंडळाचा अध्यक्ष. डोळ्यांचं ऑपरेशन झाल्यापासून घरातसुद्धा काळा चष्मा लावायचा.

"वा गं पोरी! हिरो केलास तू कोनखारला," तो म्हणाला. "पण उघाडी बारीक काढलीस. माझ्या बापाची उघाडी हाय ती. दोन बैल जातील एवढी होती."

"आजोबा, त्या हिशेबाने काढली तर स्टेशन पत्र्याबाहेर जाईल."

"जाऊं दे. स्टेशन कुणी पाहिलं नाय? उघाडी दिसली पायजे."

तेवढ्यात दारात किरण उभा राहिला. सीतारामचा मुलगा. लिफ्ट दुरुस्तीच्या कामावरून थेट आला होता, हाताला ग्रीसचा वास. आत आला, नकाशापाशी उकिडवा बसला. मग त्या एका जागी बोट ठेवलं. टेकवलं नाही, वरच धरलं.

"काका, हे काढा."

"काय?"

"नाव."

"आरं, पण ते नाव मी दिलंय का? गावानं दिलंय. चाळीस वर्षं लोक म्हणतात."

"म्हणू द्या ना. म्हणणं वेगळं, आणि पत्र्यावर रंगवून बागेत लावणं वेगळं." किरणचा आवाज चढला नाही. "मी शाळेत होतो तेव्हा पोरं मला खांड्या म्हणायची. चालतं, पोरं आहेत. पण आता माझी सपना त्या बागेत तिच्या मुलाला घेऊन जाणार. त्याने वाचायला शिकल्यावर पहिलं काय वाचायचं? पणजोबांमुळे गाव बुडलं?"

"बुडलं असं कुठं लिवलंय?"

"काका, खाली वाचा ना. 'बांध न राखल्याने'. तुम्हीच सांगितलंय निधीला."

कुंडलिकनं चष्मा काढला, पुसला, परत लावला. "किरण, तुझा बाप वाईट होता असं मी म्हनत नाय. पन खांड पडली का नाय? पडली. कुणाच्या वाट्यात पडली? इतिहास हाय तो, मी काय करू? दुसऱ्या कुणाचं नाव टाकू? तुझ्या वनमालाकाकूचं टाकू?"

तो आपल्याच बोलण्यावर हसला. निधीही हसली. वनमाला चहाचं आधण बघायला आत गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही.

चहा घेऊन आली तेव्हा ठरलं होतं. किरण म्हणाला होता, आईला विचारतो. आणि दोन घरं सोडून राहणाऱ्या त्याच्या आईनं, नंदानं, ओट्यावरूनच ओरडून सांगितलं होतं, "लिहू द्या की! त्ये सोताच म्हनायचे, वाटा माझा तर खांड बी माझीच. आता मेल्यावर त्यांच्याशी कोन भांडतंय?"

रविवारी पौष पौर्णिमा होती. भर दुपारी, भरतीच्या वेळेला पाटी लावायची, आणि लावायच्या आधी कुंडलिक बापासारखा पुकारा करणार होता. आठ घरच्या माणसांनी उत्तरं द्यायची. व्हिडिओ काढायचा.

*

ब्याऐंशीच्या श्रावणात संपानं गिरण्या बंद होऊन सात महिने झाले होते. दशरथ सकाळी सभेला जायचा, संध्याकाळी रिकाम्या हातांनी यायचा, आणि येताना दारातच हसायचा, म्हणजे आईला वाईट वाटू नये. घरात पाच माणसं, वनमाला वीस वर्षांची आणि पोटात चौथा महिना. तांदूळ सरत आला होता; भात शेतात उभं होतं पण अजून हिरवं. तिला काही नकोसं होत नव्हतं, सगळंच हवंसं वाटायचं. रात्रंदिवस एकच वास नाकात: माहेरी आई दगडावर वाटण वाटून कुर्ल्यांचं तिखलं करायची, तो.

कुर्ल्या म्हणजे खेकडे; इथं त्यांना चिंबोऱ्या म्हणतात एवढाच फरक. बांधावर त्यांची बिळं होती. पण बांधावरची चिंबोरी काढायची नाही, हा कोनखारचा पहिला नियम. खाडीच्या चिखलात खुशाल धरा, बांधाला हात लावायचा नाही. आणि कुठं बीळ दिसलंच तर ते पार तळापर्यंत उकरायचं, मग तळापासून ओल्या चिखलानं टाचेनं ठेचत ठेचत भरत वर यायचं. नुसतं तोंड लिंपायचं नाही. सासूनं लग्नानंतर पहिल्याच चैत्रात तिला हे शिकवलं होतं.

तिला सगळं ठाऊक होतं.

अमावास्येच्या आदल्या दिवशी, ओहोटीला, ती लोखंडी आकडा पदराखाली घेऊन गेली. आपल्या सातव्या वाट्यावर सासरे रोज फिरायचे, त्यांना बीळ दिसलं असतं. म्हणून ती पुढं गेली, कोनाच्या वाट्यावर. मनाशी म्हणाली, सीतारामदादाचा वाटा सगळ्यांत जाड आहे, त्याला काय होतंय. खोटं नव्हतंच ते. सीतारामच्या हातचा बांध असा होता की त्यावर हात फिरवावा. मिठागरावर दिवसभर फावडं मारून आल्यावर तो तिन्हीसांजेला तिथं माती लावायचा, आणि ओल्या हातानं तो असा गुळगुळीत करायचा की पहिल्या उन्हात चकाकायचा.

बिळात हात खांद्यापर्यंत गेला. चिंबोरी मोठी होती, मादी, लाखेनं म्हणजे अंड्यांनी भरलेली. तिच्या मागं आणखी एक. तिनं दोन्ही काढल्या. मग भराभर भाताचा पेंढा कोंबला, वरून चिखल थापला, सीताराम करायचा तसा ओल्या तळव्यानं गुळगुळीत केला. आत खांद्याएवढी पोकळी तशीच राहिली.

"इतक्यो मोठ्यो कुर्ल्यो खय गावल्यो गो?" सासऱ्यांनी ताटावर बसून विचारलं होतं.

"खाडीत," ती म्हणाली होती.

दशरथनं सात महिन्यांनी पहिल्यांदा बोटं चाटली.

पंधरवडा गेला. भाद्रपदात भात पोटरीला आलं, म्हणजे कणीस पानाच्या आत फुगलं. विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी पौर्णिमा. रात्रभर नाचून आलेले पुरुष दुपारी वाट्यावर उभे राहिले खरे, पण पेंगत. सीताराम तेवढा टक्क जागा होता. पुकारा झाला, त्यानं उत्तर दिलं. आणि पाऊण तासानं कोनाच्या पोटातून पाणी आलं. वरून नाही, मधून.

वनमालानं ते आपल्या दारातून बघितलं. सीताराम धावत घरी आला, आपल्या घराचा दरवाजा बिजागऱ्यांसकट उपटला आणि डोक्यावर घेऊन परत धावला. तो दरवाजा त्यानं भगदाडात उभा ठोकला आणि पाठ लावून उभा राहिला. पाणी त्याच्या दोन्ही बाजूंनी गेलं. तासाभरात पोटरीतलं भात खाऱ्या पाण्याखाली. तीन वर्षं त्या जमिनीत काही उगवलं नाही, मग तिवरं उगवली, मग डंपर आले आणि भराव पडला.

"घाटावरचा माणूस," लोक म्हणाले. "त्याला खाडी काय कळणार." आणखीही काही म्हणाले, जे समोर म्हणत नसत. सीतारामनं एकदाच उत्तर दिलं. उघाडीवर सगळे जमले होते तेव्हा तो म्हणाला, "वाटा माझा, खांड माझी." दिवाळीपर्यंत त्यांच्या दाराला दरवाजा नव्हता, गोणपाट होतं. वाऱ्यानं ते उडायचं आणि नंदा भाकरी थापताना दिसायची. वनमाला त्या बाजूला बघायचं टाळायची, आणि बघायची.

मग मुलगा झाला. मग संप नावाचा शब्द जुना झाला. सांगायचं राहिलं ते राहिलंच. सुरुवातीला भीती होती. पुढं नंदाशी मैत्री झाली, आणि ती भीतीपेक्षा वाईट निघाली.

*

शनिवारी दुपारी वनमाला वाटीत जवळ्याचं सुकं घेऊन नंदाच्या ओट्यावर गेली. सांगायचं म्हणूनच गेली. वाटी निमित्ताला.

नंदा भिंतीला पाठ लावून पाय पसरून बसली होती, गुडघ्याला तेल चोळत. आत भिंतीवर बुद्धाची मूर्ती, बाबासाहेबांची तसबीर, आणि त्यांच्या शेजारी सीतारामचा फोटो. फोटोत तो घाबरल्यासारखा दिसायचा. स्टुडिओवाल्यानं हलू नको म्हटलं होतं.

"आणलंस व्हय परत? माझ्या सुनेला वाटतंय, मी तुझ्याकडं उपाशी म्हनून सांगते," नंदा म्हणाली.

"सांगतसच तू. सगळ्या गल्लीक ठाऊक आसा."

"बस की गं. उभी राहून काय, हप्ता गोळा करायला आलीस?"

वनमाला बसली. समोरच्या टॉवरच्या काचांत ऊन होतं. पलीकडं भरतीच्या कडेला रोहित पक्षी आले होते. हिवाळ्यात येतात, चिखलात चोच घालून उभे राहतात.

"नंदा, त्या पाटीचं..." वनमालानं सुरुवात केली.

"किरणचं नको मनावर घेऊ. त्याला वाटतं बापाला बोल लागला. बापाला बोलाचं काय न्हवतंच गं." नंदानं तेलाची बाटली बंद केली. "त्यांना येकच लागून राह्यलं होतं. लोकांनी नाव ठेवलं त्याचं न्हाई. म्हनायचे, नंदे, मी समदी माती नीट घातली होती, मग कमी कुठं पडली? जेवताना मधीच थांबायचे. मला म्हनायचे, वैशाखात ताप आला होता दोन दिस, त्या दोन दिसाचा थर कच्चा ऱ्हायला असंल का? मी म्हनायची, असंल. दुसऱ्या दिवशी म्हनायचे, न्हाई, त्यो थर तर वरचा होता, पानी मधनं आलं."

वनमालानं वाटी नंदाकडं सरकवली.

"दवाखान्यात शेवटाला सुद बी न्हवती धड. पलंगाची चादर मुठीत धरून मळत बसायचे, माती मळावी तशी. नर्स म्हनायची, आजोबा काय करतात? मी काय सांगनार तिला?" नंदा हसली, पदरानं डोळे टिपले, पुन्हा हसली. "म्हनलं, बांध घालतायत बाई, घालू दे."

रोहितांचा थवा एकदम उडाला, थोडा वळला, आणि होता तिथंच उतरला.

"तू काय म्हनत होतीस?"

"काय नाय," वनमाला म्हणाली. "मीठ कमी आसा त्यात. बघ."

घरी येऊन तिनं आपला उजवा हात उन्हात धरून बघितला. खांद्यापासून बोटांपर्यंत. एवढी पोकळी. एका माणसानं पस्तीस वर्षं ती स्वतःच्या हातांत शोधली होती.

*

रविवारी सकाळी निधी बागेत गेली ती रंगाचे डबे घेऊनच. पत्रा दोन लोखंडी खांबांवर चढला होता. वाट्यांची नावं काळ्या रंगात पक्की झाली, खाडी निळी झाली, ओव्या एका कोपऱ्यात बसल्या. शेवटचं एक नाव राहिलं होतं. बाराच्या सुमाराला माणसं जमली, पन्नासेक असतील. कुणी मुलुंडहून, कुणी थेट दहिसरहून आलं होतं. चिंतामणची मुलगी टोपी घालून आली. बागेच्या पलीकडं जुन्या बांधाचा उंचवटा अजून थोडा शिल्लक होता, त्यावर आता महापालिकेची बाकं. कोनाच्या बाकावर नंदा बसली होती. तिच्या मागं किरण, हाताची घडी घालून. वनमाला नंदाच्या शेजारी जाऊन बसली.

भरती चढत होती. तिवरांच्या मुळांपर्यंत पाणी आलं.

कुंडलिक पत्र्याजवळ उभा राहिला. काळा चष्मा काढून खिशात ठेवला. छाती भरून घेतली.

"वाटा कुणाचा-आ-आ?"

आवाज बापाचाच होता. थोडा फाटका, पण तोच.

"वाटा माझा, बांध जागा!" कुंडलिकच्या मुलानं उत्तर दिलं, आणि सगळे हसले, टाळ्या वाजल्या. दुसऱ्याचं उत्तर आलं. तिसऱ्याच्या घरच्या पोरानं मोबाईलवर बोलता बोलता ओरडून दिलं, त्याला शिव्या बसल्या. चौथा. पाचवा. सहाव्याला चिंतामणच्या मुलीनं टोपी काढून उत्तर दिलं. सातव्याला निधी ब्रश हातात धरूनच ओरडली, "वाटा माझा, बांध जागा!"

मग आठवा.

किरणनं मान फिरवून खाडीकडं बघितलं. कुंडलिक थांबला, खोकला, पुन्हा म्हणाला, या वेळी हळू, "आठवा वाटा कुणाचा?"

नंदा गुडघ्यावर हात टेकून उठू लागली. वनमालानं तिचा हात धरला आणि तिला बसवलं. स्वतः उभी राहिली. बोलायला तोंड उघडलं तर आधी ओवीच आली, चालीवर नाही, नुसती सांगितल्यासारखी:

"आठवा गं वाटा, खाडीचा गं मारा,
सीताराम थारा, आम्हां सातां."

"आजी! तू तर म्हणालीस आठवत नाही," निधी म्हणाली.

"लिही ती."

"वहिनी, ही ओवी खांडीनंतर बायांनी म्हनायची सोडली होती," कुंडलिक म्हणाला. "आज कशाला?"

"भावजी, मीच सोडलंय ती. पयली मी गप ऱ्हवलंय, मग बाकीच्यो." वनमालानं पत्र्यावर उरलेल्या नावाकडं बोट केलं. "परवा तुम्ही विचारलंत, दुसऱ्या कुणाचं नाव टाकू. माझं टाका."

कुंडलिक हसायला गेला आणि थांबला. "म्हंजे?"

वनमाला त्याच्याकडं बघत नव्हती. किरणकडंही नाही. ती नंदासमोर, बाकाखालच्या मातीवर, उकिडवी बसली, जशा त्या दोघी चैत्रात समोरासमोर बसून चिखलाचे गोळे करायच्या. नंदाचे दोन्ही हात तिनं आपल्या हातांत घेतले. खाली तिवरांत पाणी चुबकचुबक वाजत होतं. सगळ्यांना ऐकू जाईल अशा, साध्या बोलण्याच्या आवाजात ती म्हणाली:

"वाटा सीतारामदादांचा. खांड माझी. संपाच्या श्रावणात मी त्येंच्या बांधातली कुर्ली काढली, दोन काढल्या, बीळ खांद्याएवढं खोल होतं आणि मी नुसतं तोंड लिंपलं. पेंढा कोंबून. त्येंच्या हातासारखा हात फिरवून, म्हणजे त्येंकाच कळू नये. पाणी तिथून आलं. नंदा, ऐकतेस ना? दादांची माती कुठंच कमी पडली नव्हती."